डोक्यावरचं मशीन

पोपट हे त्याचं खरं नाव नव्हे. पण खऱ्या नावाने हाक मारणारी आता एक आईच उरली होती, आणि तीही रागावली तरच. छावणीत तंबूला तंबू चिकटलेला, मध्ये एक ताडपत्री. शेजारी कोण खोकलं, कोण भांडलं, कोण तोंडात पदर कोंबून रडलं, सगळं ऐकू यायचं. आणि हे पोरगं ऐकलेलं जसंच्या तसं काढून दाखवायचं. टँकरवाल्याचं खेकसणं, डॉक्टरीणबाईंचं नाकातलं बोलणं, स्वतःच्या बापाचं घोरणंसुद्धा. जिथे हसण्यासारखं काडीचंही काही नव्हतं तिथे बायका पोटं धरून हसायच्या. तेव्हापासून तो पोपट. पुढे ह्याच नावाची पोस्टरं लागली.

तो जन्मला छावणीतच. पळून आले ते आईबाप. त्याने स्वतः नदी पाहिली नव्हती, आग पाहिली नव्हती, काही म्हणजे काही पाहिलं नव्हतं. पण निर्वासिताचं पोर म्हटलं की त्याच्यापाशी एखादी भयंकर गोष्ट असलीच पाहिजे, असं लोकांनी परस्पर ठरवलेलं असतं. नसली तर त्यांना फसवल्यासारखं वाटतं.

मोठ्या शहरात आल्यावर त्याने दिवसा गोदामात खोकी उचलली आणि संध्याकाळी एका खाणावळीच्या तळघरात माइकपुढे उभा राहू लागला. सुरुवातीला त्याने घरमालकावर विनोद केले, बसवर केले, गोदामाच्या मुकादमावर केले. लोक चमचे वाजवत जेवत राहिले. एकदा पुढच्या टेबलावरचा एकजण ओरडला, "अरे, तुझं स्वतःचं काहीतरी सांग ना!" स्वतःचं काय सांगणार? मग तोंडातून आपोआप ती गोष्ट बाहेर पडली. लहानपणी आईने घोटवून घेतलेली, झोपेतही चुकणार नाही अशी.

"लोक गाव सोडताना काय घेतात? दागिने घेतात, कागदपत्रं घेतात. आमचे बाबा शिंपी. त्यांनी काय घेतलं? शिलाई मशीन! डोक्यावर! पाणी आलं गळ्यापर्यंत. आई मागून ओरडतेय, अहो, टाका ते मशीन, जीव वाचवा! बाबा म्हणतात, नुसता जीव घेऊन काय करू? तिकडे जाऊन उघडा फिरू? पाणी हनुवटीला लागलं. बाबांचे दोन्ही हात वर. मासे येऊन बघून जातायत. शेवटी बाबा काठावर पोचले. मशीन खाली ठेवलं. मागे वळून बघितलं..."

इथे तो थांबायचा. डोळे विस्फारलेले, तोंड उघडं, हात अजून हवेत. काही बोलायचा नाही. आधी एक कोपरा खुदकन हसायचा, मग दुसरा, मग सगळं तळघर. हसण्याचा तो लोंढा पुरता ओसरू दिला की मग तो हळूच म्हणायचा, "सगळं गाव शेजारच्या पुलावरून कोरड्या पायांनी येत होतं."

पहिल्याच दिवशी खाणावळीच्या मालकाने त्याला फुकट जेवू घातलं. पुढे तळघराचं सभागृह झालं, सभागृहाची दौऱ्याची गाडी झाली. गोष्ट तीच राहिली. शेवटी तीच हवी असायची लोकांना. "मागे वळून बघितलं" म्हटलं की तो थांबायच्या आधीच लोक हसायला लागत. रस्त्यात अनोळखी माणसं त्याच्यापुढे हात वर करून तोंड उघडून उभी राहत.

बाबा ह्या सगळ्याच्या आधीच गेले होते. ते शिंपी नव्हतेच. छावणीत काही काम नव्हतं आणि ह्या शहरात ते रखवालदार होते. त्याआधी म्हणे लॉरी चालवायचे. हे पोपटला ठाऊक होतं आणि नव्हतंही. छावणीतल्या प्रत्येकाचीच गोष्ट घोटवलेली होती, त्यात आपलीही एक, एवढाच त्याचा हिशेब. खोटं बोलतोय असं त्याला कधी वाटलं नाही. आई मात्र त्याच्या एकाही कार्यक्रमाला आली नाही. "मला जिने चढवत नाहीत रे," म्हणायची. कार्यक्रम तळघरात असायचा.

मग दिग्दर्शक आला. बारीक आवाजात बोलणारा, उन्हातही मफलर घालणारा माणूस. त्याने तीनदा कार्यक्रम पाहिला आणि म्हणाला, "ह्यातला विनोद काढला तर खाली काय आहे, ते मला दाखवायचंय. तुमच्या वडिलांचं काम तुम्हीच करायचं." पोपटला आनंदाने रडू फुटायचं तेवढं बाकी राहिलं. विनोदवीराला लोक हसतात, पण माणसांत धरत नाहीत. नटाला धरतात. ही एक संधी हातातून गेली की आयुष्यभर हात वर करून तोंड उघडायचं, हे त्याला पक्कं ठाऊक होतं.

आईला सांगितलं तेव्हा ती भाजी निवडत होती. "कर सिनेमा. पण ते मशीनचं नको घेऊ त्यात," ती म्हणाली.

"अगं, मशीनवरच तर सिनेमा आहे."

"मग तुझं तू बघ," म्हणून ती भाजीचं ताट घेऊन आत गेली.

सिनेमाचं काम वाटलं तसं नव्हतं. चेहरा होता, आवाज होता, पण एक खोड जाता जाईना. प्रत्येक वाक्यानंतर पोपट थांबायचा. एवढी वर्षं वाक्य टाकायचं आणि हशाला जागा द्यायची, हेच अंगवळणी पडलेलं. इथे 'शांतता!' अशी आरोळी झाली की शंभर माणसं श्वास धरून उभी, कोणी शिंकत नाही. विनोदवीराला ह्याहून वाईट जागा नाही. त्याला वाटायचं आपण पडलो, पार पडलो. दिग्दर्शक मफलर सारखा करत येऊन विचारायचा, "कोणासाठी थांबताय? कोणी हसणार नाहीये इथे."

नदीचं दृश्य शहराबाहेरच्या एका जुन्या दगडखाणीत साचलेल्या पाण्यात घ्यायचं होतं. मागून पाण्यातून चालायला गर्दी हवी होती. ती गर्दी पुरवणाऱ्या माणसाने निर्वासितांच्या वस्तीतूनच टेंपो भरून आणली. खरीच माणसं, त्यांना सोंग शिकवायला नको. त्यांना जुने कपडे वाटले, ते त्यांच्या अंगावरच्या कपड्यांपेक्षा बरे होते. पोपटच्या डोक्यावर मशीन दिलं. थर्माकोलचं, वरून काळा रंग आणि सोनेरी वेलबुट्टी. वाऱ्याने उडू नये म्हणून ते दोन्ही हातांनी धरावं लागायचं.

सकाळभर पोपट पाण्यातून आला, वळला, थांबला. आला, वळला, थांबला. दिग्दर्शकाने कपाळाला हात लावला आणि सगळ्यांना चहाला सोडलं.

पोपट घोंगडी पांघरून बसला होता. गर्दीतला एक म्हातारा पुढच्या माणसाचा सदरा मागून धरून हळूहळू त्याच्याकडे आला. डोळ्यांत मोतीबिंदूची साय धरलेली. सोबतच्याने त्याला खुर्चीशी आणून सोडलं.

"पोपटच ना? आवाज तोच आहे," म्हातारा म्हणाला. "बापाचं घोरणं काढायचास."

पोपट उठून उभा राहिला. छावणी. ताडपत्रीपलीकडचा तंबू. खडखड खडखड असा एक आवाज, जो ऐकत तो झोपायचा. पोरं त्या माणसाला मशीनकाका म्हणायची. तो म्हणाला, "काका! तुम्ही इथे कसे?"

"शिवणकाम करतो एका कारखान्यात. करत होतो, आता दिसत नाही. तिथली पोरं मोबाइलवर तुझं लावायची. हसायची. मी मान खाली घालून ऐकायचो." म्हाताऱ्याने चाचपडत खुर्ची शोधली आणि बसला. "त्यात माझी पोर नाहीये रे."

"कोण पोर?"

"म्हणजे तुला नाही सांगितलं." मग म्हातारा सरळ आवाजात सांगू लागला, जणू दुसऱ्याचंच सांगतोय. "मशीन घेतलं ते पोरीसाठी. बायको आधीच गेलेली. म्हटलं, हे असलं तर कुठेही पोट भरू. पोर मागून सदरा धरून होती. मी तिला म्हटलं, काही झालं तरी सोडू नकोस. माझे दोन्ही हात वर. काठावर आलो, मशीन ठेवलं, मागे वळून बघितलं, तर सदऱ्याला कोणी नव्हतं."

पोपटला बसायला जागा सापडेना. तो तसाच ओल्या मातीवर बसला.

"हे मी तुझ्या बापाला सांगितलं. तुझी आई पलीकडून ऐकत असणार. मग छावणीत मुलाखती लागल्या, कोणाला आसरा द्यायचा ते ठरवायच्या. तुझे आईबाप लॉरीत बसून आले होते, त्यांच्याकडे सांगायला काही नव्हतं. लॉरीतून आलेल्यांना ते परत पाठवत होते. आपण होऊन आलात म्हणायचे. आणि मुलांना वेगळं बसवून विचारायचे, घरात काय ऐकलंस म्हणून, कारण मुलं खोटं बोलत नाहीत." म्हातारा हसला, त्यात विष नव्हतं. "तू सांगितलंस. साहेब हसले, म्हणे. तुम्हाला कागद मिळाले, तुम्ही गेलात. पुढच्या महिन्यात माझी पाळी आली. साहेब म्हणाले, ही गोष्ट मी ऐकली आहे. एका लहान मुलाने तुझ्यापेक्षा बरी सांगितली. फक्त मुलगी तू नवीन घातलीस."

खाणीच्या कडेवरून कोणीतरी कर्ण्यातून चला चला म्हणून ओरडलं.

"म्हणजे मग..." पोपट म्हणाला.

"मग काय, तिथेच राहिलो. छावणी उठली, दुसऱ्या छावणीत गेलो, मग लपतछपत इथे आलो. आता शेवटची सुनावणी आहे. ह्या वेळी नाही म्हणाले तर गाडीत घालून पाठवतील. तिकडे माझं कोण आहे? आणि तुझा सिनेमा लागला की माझं तोंड कायमचंच बंद. जो तो म्हणेल, म्हातारा सिनेमा बघून आलाय." त्याने हात पुढे केला आणि पोपटचा खांदा शोधून काढला. "मी भांडायला नाही आलो, बाळा. तू लहान होतास. येऊन एवढंच सांग, की ही गोष्ट ह्याची आहे. तू सांगितलेलं लोक ऐकतात."

पोपट "येतो" म्हणाला. लगेच म्हणाला, त्याला ते श्रेय द्यायलाच हवं. पण शंभर माणसं कमरेएवढ्या पाण्यात उभी होती, ऊन उतरत होतं, करारावर सही होती, आणि तो उठून पाण्यात गेला. सिनेमा थांबवा असं म्हणायला तोंड उघडलं असतं, तर कदाचित थांबलाही असता. त्याने उघडलं नाही.

म्हातारा गर्दीत, त्याच्या मागेच कुठेतरी, पुढच्याचा सदरा धरून. पोपट डोक्यावर थर्माकोल घेऊन चालला. सदरा ओला होऊन पाठीला चिकटला होता, आणि तो मागून ओढला जातोय असं त्याला वाटत राहिलं. काठावर आला. मशीन ठेवलं. वळला. ह्या वेळी तो कोणासाठी थांबला नाही. तो पाण्यात काहीतरी शोधायला लागला, गुडघ्यांवर पडून, दोन्ही हातांनी, आणि 'कट' झाल्यावरही त्याला कोणीतरी धरून बाहेर काढावं लागलं.

"आज जमलं," दिग्दर्शक म्हणाला. मफलरने डोळे पुसत म्हणाला. तोच तुकडा पुढे जाहिरातीत लागला आणि घराघरात पोचला.

तो आईपुढे जाऊन बसला. तिने त्याच्याकडे पाहिलं आणि हातातलं काम बाजूला ठेवलं.

"भेटला तुला," ती म्हणाली.

"पोरीला का काढलंस गं गोष्टीतून?"

"मुलगी सांगितली असती तर त्यांनी नाव विचारलं असतं, वय विचारलं असतं, कागद मागितला असता. आणि..." तिने ओठ दाबले. "आणि तेवढी तरी त्याची त्याच्यापाशी राहू दे म्हटलं. सगळंच कसं घ्यायचं?"

"बाबांना माहीत होतं?"

"मुलाखतीच्या दिवसापासून तू नक्कल केलीस की ते उठून बाहेर जायचे. तू म्हणायचास, बाबांना आवडत नाही. त्यांना फार आवडायचं रे." ती पहिल्यांदाच रडली, आवाज न करता. छावणीत शिकलेलं रडणं ते. मग तोंड पुसून म्हणाली, "जाऊन सांग. काय ते सगळं सांग. माझे कागद काढून घेतील? घेऊ देत. मी आता थोडीच पळणार आहे."

म्हाताऱ्याच्या वकीलबाईंनी त्याला बजावलं होतं, की स्वतःच्या घरावर येणार नाही असं जपून बोला. त्याने ठरवलं, काही जपायचं नाही. आदल्या दिवसभर त्याने आरशापुढे उभं राहून सराव केला. आधी काय, मग काय, कुठे श्वास घ्यायचा. त्याला दुसरी कुठली तयारी येतच नव्हती.

सुनावणीची खोली लहान होती. एक लांब टेबल, पाण्याची सुरई, खिडकीत एक मरगळलेली कुंडी. टेबलापलीकडे अधिकारी, पन्नाशीचा, दमलेला, पण माणूस वाईट नसावा. बाजूला टाइप करणारी कारकून मुलगी. अलीकडे वकीलबाई, आणि इस्त्रीचा सदरा घालून, हात मांडीवर ठेवून बसलेला म्हातारा. पोपट आत आला तशी कारकून मुलगी चमकली. तिने अधिकाऱ्याकडे पाहिलं. अधिकाऱ्याने घसा खाकरून कागद सारखे केले.

"साहेब," पोपट उभा राहून म्हणाला, "मी ही गोष्ट इतकी वर्षं माझ्या वडिलांची म्हणून सांगितली. ती ह्यांची आहे. माझे वडील लॉरी चालवायचे, आईबाबा लॉरीत बसून आले. मुलाखतीत मी खोटं बोललो. मला शिकवलं होतं, पण बोललो मी. आणि त्यामुळे ह्यांचं खरं कोणी ऐकलं नाही. ते आज ऐका."

अधिकाऱ्याने मान हलवली. कारकून मुलगी टाइप करत होती.

पोपट सांगू लागला. आवाज चढवला नाही, हात मांड्यांशी ठेवले, एकही नक्कल केली नाही. गावातून निघालेला बाप, डोक्यावरचं मशीन, मागे सदरा धरलेली पोर. तिला सांगितलेलं, सोडू नकोस. पाणी छातीला, पाणी गळ्याला. म्हातारा डोळे मिटून ऐकत होता आणि त्याचे ओठ पोपटबरोबर हलत होते.

"काठावर पोचले," पोपट म्हणाला. "मशीन खाली ठेवलं. मागे वळून बघितलं..."

आणि तो थांबला.

थांबायचं नव्हतं. त्याला पुढचं वाक्य पाठ होतं. पण हजार वेळा जिथे थांबला होता तिथेच त्याची जीभ थांबली, डोळे विस्फारले, तोंड उघडं राहिलं.

कारकून मुलगी आधी हसली. हसू दाबायला तिने तोंडावर हात ठेवला, तशी तिला ठसका लागला. तिचा ठसका ऐकून अधिकाऱ्याचा चेहरा फुटला. त्याने मान खाली घातली, खांदे हलत होते, 'माफ करा, माफ करा' म्हणत त्याने सुरईतलं पाणी ओतून घेतलं, पण हसू काही आवरेना. त्यांचा दोष नव्हता. ही जागा हसायची आहे, असं ह्यांना कोणी शिकवलं?

"सदऱ्याला कोणी नव्हतं," पोपट ओरडला. "साहेब, पोर बुडाली! पोर बुडाली हो!"

हसणं थांबलं. अधिकाऱ्याने डोळे पुसले. तो खरोखरच ओशाळला होता. "क्षमा असावी," तो म्हणाला. "आमच्या घरी सगळ्यांना पाठ आहे तुमचं. आणि सिनेमाची ती झलकही पाहिली. तुम्ही पाण्यात शोधता ते. काय काम केलंय!" मग त्याने म्हाताऱ्याकडे पाहिलं आणि आवाज मऊ केला. "एका गरीब माणसासाठी तुम्ही स्वतःच्या वडिलांची गोष्ट द्यायला निघालात. मन मोठं आहे तुमचं. पण मला हे नोंदीत घेता येणार नाही. ही गोष्ट कोणाची, हे सगळ्या जगाला माहीत आहे."

पोपट बोलत राहिला. शपथा घेतल्या, आईला आणतो म्हणाला, टेबलावर हात आपटला. जितका बोलला तितकं ते चांगलं काम वाटत गेलं. वकीलबाईंनी शेवटी त्याचा दंड धरून त्याला खाली बसवलं. निकाल त्याच दुपारी मिळाला. नाही. आईच्या कागदांना कोणी हातसुद्धा लावला नाही.

बाहेरच्या लांब बोळात वकीलबाई फोनवर बोलत पुढे निघून गेल्या. म्हातारा भिंतीला हात लावून उभा होता. पोपटला वाटलं, आता शिव्या देईल, आता थोबाडीत मारेल, आणि त्याला तेच हवं होतं.

म्हाताऱ्याने फक्त विचारलं, "तिथे थांबलास का रे?"

स्टेजवर कोणी काही ओरडलं तर त्याच्याकडे उत्तर तयार असायचं.

"चल," म्हातारा म्हणाला. "पायऱ्या आहेत ना पुढे? मला दिसत नाहीत."

पोपट पुढे झाला. म्हाताऱ्याने मागून चाचपडत त्याचा सदरा शोधला आणि मुठीत घट्ट धरला. दोघे उतरू लागले. एक पायरी उतरला की पोपट मागे वळून बघायचा, आहे का म्हणून. मग पुढची पायरी उतरायचा.